निळ्या बारवेची चतुर्थी

कूलरच्या पत्र्याला हात लागला आणि शालिकराम सरांना करंट बसला. फार मोठा नव्हता. कोपरापर्यंत आला आणि चुकीच्या घराची बेल वाजवून माणूस परत फिरतो तसा परत गेला. पण हातातला पाइप सुटला, टाकीत जायचं पाणी पायजम्यावर आलं, आणि मे महिन्यातल्या त्या दुपारी नंदनवन कॉलनीतल्या आपल्याच घराच्या मागच्या अंगणात सर अनवाणी, ओले आणि पदार्थविज्ञानाचे निवृत्त विभागप्रमुख असे तिन्ही एकदम होऊन उभे राहिले. इतक्या वर्षांत कूलरमध्ये पाणी भरायची ही त्यांची पहिलीच वेळ. गोपिका, म्हणजे त्यांची बायको, भाचीच्या लग्नाला कुहीला गेली होती, आणि जाताना तिने दाल कुठे, लोणचं कुठे, गॅसचं बटण कुणीकडे फिरवायचं हे सगळं सांगितलं होतं. कूलरबद्दल काही सांगितलं नव्हतं. कूलरबद्दल सांगण्यासारखं काय असतं, हे सरांना तरी कुठे माहीत होतं. ते हात झटकत होते तेवढ्यात भिंतीपलीकडून शेजारच्या भैयाजींचा आवाज आला, "बसला का करंट? चप्पल घाला ना सर, रबराची. तुमच्या कूलरले करंट येते." सरांनी विचारलं, "तुम्हाले कोणी सांगितलं?" तर भैयाजी म्हणाले, "कोणी कायले सांगन? मागच्या उन्हाळ्यात नातवाचा चेंडू काढाले आलतो, तवा मले बसला ना. वहिनी म्हणे, भाऊजी, इकडं चप्पल घालून या लागते."

संध्याकाळी पियुष ऑफिसातून आला तेव्हा सरांनी त्याला हे एखादा शोध सांगावा तसं सांगितलं. त्याने बूट काढता काढता मान हलवली. "तो तर दोन-तीन वर्षांपासून येते, बाबा. आई चप्पल घालून लावते ना." "मंग मले काहून नाही माहीत?" "तुम्ही कधी लावता कूलर?" प्रश्न रास्त होता आणि म्हणूनच तो सरांना आवडला नाही. करंट बसल्याचं त्यांना काही विशेष वाटलं नव्हतं. अर्थिंग नसलं की पत्र्यात वीज उतरते, हे त्यांनी मुलांना अनेक वर्षं फळ्यावर आकृती काढून शिकवलं होतं. घरातल्या पत्र्यात वीज उतरली आहे हे घराला माहीत आहे, शेजाऱ्याला माहीत आहे, शेजाऱ्याच्या नातवालाही बहुधा माहीत आहे, आणि त्या आकृतीच्या मास्तरला तेवढं माहीत नाही, ही गोष्ट मात्र कोपराच्या पुढे चढली आणि परत गेली नाही. जेवताना त्यांनी पियुषकडे बघितलं. तो दालभात कालवत होता, नेहमीसारखाच. पण नेहमीसारखं म्हणजे कसं, हेही आता तपासायला पाहिजे असं सरांना वाटलं. याच्या गळ्यातली ऑफिसच्या ओळखपत्राची पट्टी आधी केशरी असायची. आता निळी आहे. कधीपासून? त्यांनी ती बघितली होती आणि नवी पट्टी दिली असेल असं समजून सोडून दिली होती. डोळ्यांसमोरची गोष्ट नोंदवायची आणि सोडून द्यायची, असं कॉलेजातल्या पोरांनी केलं तर सर प्रयोगाचं जर्नल परत फेकत.

निवृत्तीनंतरच्या पहिल्या काही महिन्यांबद्दल या घरात कोणी बोलत नाही. सर त्या दिवसांत डबा घेऊन रोज सकाळी कॉलेजात जात. आत नाही, गेटपर्यंत. चौकीदाराने पहिल्या दिवशी नमस्कार केला, दुसऱ्या दिवशी खुर्ची दिली, आणि पुढे पुढे खुर्ची आधीच काढून ठेवू लागला. सर तिथे बसून आत जाणाऱ्या मुलांकडे बघत, घंटा झाली की घड्याळ बघत, आणि तास संपला की उगाच उठून पुन्हा बसत. मग एक दिवस दुपार झाली तरी ते सावलीत सरकले नाहीत, तेव्हा चौकीदारानेच घरी फोन केला आणि पियुषने त्यांना गाडीवर मागे बसवून आणलं. त्यानंतर ते पलंगावर भिंतीकडे तोंड करून पडले. हो आणि नाही एवढेच दोन शब्द त्यांना पुरू लागले. घरात पुरुषाचा आवाज असावा म्हणून गोपिका दिवसभर रेडिओ लावून ठेवी. सरांना हे सगळं आठवतं. त्यांना आठवत नाही असं घरच्यांना वाटतं, आणि तसं वाटू द्यावं एवढी सभ्यता सरांकडे आहे. भिंतीवरचा चुन्याचा एक पोपडा त्यांना अजून पाठ आहे, त्याचा आकार थोडासा भंडारा जिल्ह्यासारखा होता.

त्यातून ते उठले ते अग्निवर्तामुळे. पियुष आणि त्याचे दोन मित्र मिळून मोबाइलवर खेळायची एक दुनिया तयार करत होते. तिचं नाव अग्निवर्त. तिथे तीन सूर्य होते आणि एकही मावळत नव्हता. तिथले ऋषी दगडांतून, विहिरींतून एक गूढ शक्ती खेचत आणि तिच्या जोरावर युद्धं करत. एका संध्याकाळी पियुष पलंगाच्या काठावर बसून म्हणाला, "बाबा, आमच्या दुनियेत एनर्जीचा हिशोब बसून नाही राहिला." सर भिंतीकडे तोंड करून म्हणाले, "शक्तीचं नाव काय?" पियुष म्हणाला, "हिमतेज." बऱ्याच दिवसांनी सरांनी कूस बदलली. "तेज हिम कसं असन गा? अन् तीन सूर्य? मंग तिथले लोक कूलर कुठं लावतात?" स्वयंपाकघरात रेडिओ बंद झाल्याचा आवाज आला.

सरांनी आधी शक्तीचं नाव बदललं. नाव ठेवलं गारवा. मग एकक ठरवलं: एक वाळा, म्हणजे एका मध्यम वजनाच्या ऋषीला 'हुश्श' म्हणायला लावेल इतका गारवा. मग नियम आला. गारवा निर्माण होत नाही, तो फक्त इकडचा तिकडे जातो. एक ऋषी थंड झाला तर दुसरा कोणीतरी तेवढाच तापलेला असला पाहिजे. मंत्राला कार्यक्षमता लावली आणि ती शंभर टक्के असूच शकत नाही हे ठणकावून सांगितलं, त्यामुळे पियुषचा मित्र सौरव याने लिहिलेले दोन महामंत्र बाद झाले. सौरव म्हणाला, "काका, पण हे जादू आहे ना." सर म्हणाले, "म्हणून काय झालं? जादूले शिस्त नको?" त्यांना अग्निवर्त विद्यापीठाचे प्रधान संशोधक केलं गेलं. बैठकीतल्या जुन्या संगणकावर रोज दुपारी अग्निवर्तातल्या सगळ्या जलस्थानांचे आकडे येत, किती गारवा आत गेला, किती बाहेर आला, आणि सर झोपून उठले की चहा घेत ते आकडे तपासत. खेळाडूंचे निरोपही येत. ते त्यांना गुरुजी म्हणत. जलवंती नावाची एक खेळाडू तर नेमाने लिही, "गुरुजी, वेळेवर जेवत जा", "गुरुजी, उन्हात बाहेर नका निघू." तीन सूर्यांच्या देशातली बाई उन्हाबद्दल हे म्हणणारच, असं सरांना वाटे आणि तिच्या तर्कशुद्धतेचं कौतुकही वाटे.

आणि मग, दिवाळीनंतर केव्हातरी, निळ्या बारवेने नियम मोडला. अग्निवर्ताच्या पार कोपऱ्यातली ती एक साधी पायऱ्यांची विहीर. तिच्यात जितका गारवा जाई त्याहून थोडा जास्त बाहेर येऊ लागला. आधी सरांना राग आला, कारण नियम त्यांचा होता. मग त्यांना झोप येईना, आणि तो न येण्याचा प्रकार चांगला होता, भिंतीकडच्या झोप न येण्यापेक्षा वेगळा. कुठून येतो हा गारवा? सकाळी दाढी करताना, भाजी आणताना, भैयाजींचं राजकारण ऐकताना त्यांच्या डोक्यात बारव पाझरत राही. पुढे त्यांच्या लक्षात आलं की महिन्यातून एकदा बारवेला भरती येते. पंचांग काढून बघितलं तर तो दिवस चतुर्थीचा. संकष्टी. हे जमल्यावर ते स्वयंपाकघरात जाऊन म्हणाले, "अवं, चंद्राचा संबंध आहे." गोपिका साबुदाणा भिजवत होती, तिचा उपास होता. ती म्हणाली, "असन ना. चंद्राचं कोणाले काय सांगता येते." चहा गार होईपर्यंत सर चंद्रावर बोलले. अग्निवर्तात चंद्र नाही, हे त्यांना त्या दिवशी आठवलं नाही. आठवलं तेव्हा त्यांनी अदृश्य चंद्राची कल्पना मांडली आणि तिच्यावर निबंध लिहायला घेतला. विद्यापीठात तो वाचायचा होता. पियुष म्हणाला होता, घाई नाही, सावकाश लिहा.

तर करंट बसला त्या दिवशी ओला पायजमा बदलून सर संगणकासमोर बसले होते आणि बारव सपाट होती. जेवढा आत तेवढा बाहेर. तशी ती गोपिका गेल्यापासूनच सपाट होती, आणि सरांनी त्यावर एक टिपणही मनात जुळवलं होतं, सूर्यांच्या मांडणीबद्दल. कूलरचं सगळ्यांना माहीत आहे हे कळल्यावर मात्र ते टिपण मनातच विस्कटलं आणि तिथे एक फार साधं वाक्य येऊन बसलं, इतकं साधं की बारावीच्या पोरानेही लिहिलं असतं: गोपिका कुहीला गेली आणि गारवा बंद झाला. सर त्या वाक्याकडे बघत बसले. त्यांनी त्याला हाकलून पाहिलं. योगायोग म्हणून पाहिलं. पण जन्मभर प्रॅक्टिकलची परीक्षा घेतलेल्या माणसाच्या डोळ्यांना एक खोड लागते, ती निवृत्त होत नाही. साध्या लंबकाच्या प्रयोगात उत्तर काय यायला पाहिजे हे पोरांना आधीच ठाऊक असतं, म्हणून ती उत्तरावरून मागे येत रीडिंगं जमवतात. आणि जमवलेली रीडिंगं ओळखायची खूण म्हणजे ती देवघरासारखी स्वच्छ असतात. खऱ्या मोजणीला अंगावर घामोळं असतं. कधी वर, कधी खाली, कधी उगाच. सरांनी बारवेचे दिवाळीपासूनचे आकडे पुन्हा काढले. रोज थोडा जास्त. रोज जवळजवळ तेवढाच जास्त, फक्त चतुर्थीला, म्हणजे गोपिकाच्या उपासाच्या दिवशी, मूठभर अधिक. एकही दिवस घट नाही. गारवा असा वाढत नाही. असं दुधात पाणी वाढतं, कणकेत मूठ वाढते, पाहुणा आला की दालीत वाटीभर वाढतं. हे इतके महिने त्यांना दिसलं नव्हतं असं नाही. दिसलं होतं, निळ्या पट्टीसारखं दिसलं होतं.

त्याच रात्री पियुष फोनवर बोलत गच्चीवर गेला. सर जिन्यात कपडे काढायच्या निमित्ताने उभे राहिले. कपडे तारेवर नव्हते, पण निमित्ताला कपडे लागत नाहीत. वरून आवाज आला, "हो वं आई... राहूनच गेलं ना... टाकतो, आजच टाकतो." दुसऱ्या दिवशी दुपारी बारव फुटली होती. एवढा गारवा तिच्यातून कधी आला नव्हता, आणि आकडा होता बरोब्बर पाचशे. पाचापुढे शून्य, त्यापुढे शून्य, घामाचा थेंब नाही. सर हसले, मग आपण हसलो हे लक्षात येऊन थांबले. दोन वेगवेगळ्या अक्षरांत लिहिलेली एकच उत्तरपत्रिका त्यांच्यासमोर होती. आईचं अक्षर सारखं आणि जपून. पोराचं घाईचं, बुटाची लेस न सोडता बूट काढणाऱ्याचं.

मग ते चप्पल घालून अंगणात गेले. रबराची. भैयाजी पलीकडे कुंड्यांना पाणी घालत होते. "भैयाजी," सर म्हणाले, "आमच्या घरचं अजून काय काय माहीत आहे गा तुम्हाले?" भैयाजी मोठ्यांदा हसले, "सगळंच माहीत आहे, सर. भिंत काय उंच आहे?" आणि मग तेच म्हणाले, "पियुषचं बरं झालं पण. ते गेमचं दुकान दिवाळीत बंद पडलं तवा वहिनी लय घोरात होत्या. आता ब्यांकेच्या कामावर लागला, टायमावर जाते, टायमावर येते..." बोलता बोलता त्यांचं लक्ष सरांच्या चेहऱ्याकडे गेलं आणि झारी तशीच धरून ते थांबले, पाणी एकाच कुंडीत पडत राहिलं. "तुम्हाले माहीत आहे ना, सर?" "माहीत आहे ना," सर म्हणाले. "मी तुम्हाले माहीत आहे का, ते पाहून राहिलो होतो." भैयाजी म्हणाले, "तेच म्हटलं." दोघेही थोडा वेळ त्या कुंडीकडे बघत होते. मोगरा होता. बुडाला होता.

दिवाळीत बंद पडलं. म्हणजे बारव पाझरायला लागली तेव्हा अग्निवर्तात कोणीच उरलं नव्हतं. ऋषी नव्हते, युद्धं नव्हती, विद्यापीठ तर कधीच नव्हतं. तीन सूर्य या बैठकीतल्या जुन्या संगणकात, याच घराच्या मीटरवर जळत होते, आणि त्यांच्याखाली सर एकटे अदृश्य चंद्राबद्दल लिहीत होते. आणि जलवंती. सरांच्या कानाच्या पाळ्या तापल्या. लाज वाटली, आणि लाजेच्या पाठोपाठ राग आला, तो कोणावर काढावा हे न ठरल्याने घरभर फिरला. फ्रीजवर, कॅलेंडरवर, पियुषच्या निळ्या पट्टीवर. या दोघांनी आपल्याला जर्नल जमवून दिलं. आपण ज्यासाठी पोरांना नापास केलं, तेच आपल्या हातात दिलं आणि आपण खाली सही करत गेलो. त्यांनी पाणी प्यायलं. विचारायचं. ती आली की समोर बसवून विचारायचं, एकेक आकडा. ती काय म्हणेल? काहीच म्हणणार नाही. कबूल करेल, पदराने हात पुसेल, संगणकावर कापड टाकेल. पियुष माफी मागेल. आणि मग उद्या दुपारी झोपून उठल्यावर चहासमोर काय असेल? सर तिथपर्यंत आले आणि थबकले. पलंगालगतच्या भिंतीवर गेल्या वर्षी नवा रंग दिला होता. रंगाखाली भंडारा जिल्हा तसाच असणार.

गोपिका दुसऱ्या दिवशी सकाळच्या बसने आली. पिशवीत कुहीचा तांदूळ, लग्नाचे लाडू, वहिनीने दिलेल्या कुरड्या. आल्या आल्या तिने कूलरकडे बघितलं, मग सरांच्या पायांकडे. "लागला ना करंट?" "कोणी सांगितलं?" "कोणी कायले सांगन? घरात चप्पल घालून फिरून राहिले तुम्ही." सर म्हणाले, "मले काहून नाही सांगितलं वं? एवढे वर्षं?" तिने आधी लाडूंचा डबा शोधून काढला. "सांगितलं असतं तर तुम्ही खोललं असतं. मिक्सर खोलला, इस्त्री खोलली, लागले का मंग ते परत? कूलर खोलला असता तर आख्खा उन्हाळा पत्र्याचा डब्बा अन् आपण." "पण माणसाले करंट लागते ना." "चप्पल घातली की नाही लागत," ती म्हणाली. "थंडी हवा तर देते ना." मग तिने त्यांच्याकडे नीट बघितलं, लग्नाहून आलेली बाई घरातल्या भांड्यांकडे बघते तसं, काही फुटलं तर नाही ना. "जेवत होते का वेळेवर?" सर म्हणाले, "जलवंतीनं आठवण नाही दिली या वेळेस." तिचा हात डब्याच्या झाकणावर क्षणभर थांबला. मग झाकण लागलं. "कामात असन बिचारी," गोपिका म्हणाली. "लग्नसराई आहे."

दुपारी जेवण झाल्यावर सर नेहमीप्रमाणे आडवे झाले. डोळे मिटले, झोपले नाहीत. खरं तर आता बोलायला हरकत नव्हती. परीक्षागृहात ते असेच उभे राहत, खिडकीकडे तोंड करून, आणि मागे चिठ्ठी उलगडल्याचा आवाज आला की न वळता म्हणत, आण इकडे. तो आवाज त्यांना हजार आवाजांतून ओळखू येई. आधी रबरी चपलांचा आवाज आला, अंगणाकडे गेला. कूलर सुरू झाला, वाळ्याचा ओला वास खोलीत आला. मग चपला दाराशी निघाल्या. अनवाणी पावलं बैठकीकडे गेली. खुर्ची करकरली, ती खुर्ची फक्त आपल्यालाच करकरते असा सरांचा समज होता. पडद्याचा प्रकाश दाराच्या फटीतून आत आला, किंचित निळा. तिथे ती चष्मा लावून बसली असेल, एका बोटाने, निवडायला तांदूळ पसरावेत तसे आकडे बघत. पोराने पाचशे टाकून ठेवल्याचं तिला आता दिसलं असेल. "अगं बाई," ती स्वतःशी पुटपुटली. एवढा मोठा आकडा झाकायचा कसा, हा प्रश्न तिच्यासमोर असणार. कोणत्याही संशोधकासमोर असतो. शेवटी कीबोर्डचं एक बटण वाजलं. दुसरं वाजलं.

"अवं," सर डोळे न उघडता म्हणाले.

बटणं थांबली. कूलर तेवढा चालू राहिला.

"आज थोडं कमी टाक," सर म्हणाले. "रोज रोज वाढलं की मास्तर पकडते. मधात एखाद्या दिवशी घटू दे."

पाणी वाळ्यावरून ओघळून टाकीत पडत होतं, पुन्हा वर चढत होतं, पुन्हा पडत होतं. मग बैठकीतून आवाज आला, अगदी साधा, भाजीत मीठ किती घालू असं विचारावं तसा.

"किती घटवू?"

"ते मले नको सांगू," सर म्हणाले आणि त्यांनी कूस बदलली. भिंतीकडची नाही, दुसरी.